न्यूयॉर्कचे विधिज्ञ अल्बर्ट बार्ड आणि ऐतिहासिक वास्तुरक्षणाचा कायदा

ऐतिहासिक वास्तूंच्या रक्षणाचा इतिहास लिहावयास घेतला की अभ्यासकाची दृष्टी स्वाभाविकपणेच पुरातत्त्वज्ञ, स्थापत्यविशारद, दानशूर गृहस्थ किंवा एखादा रसिक राज्यकर्ता यांच्याकडे वळते. ज्यांनी उत्खनन केले, डागडुजी केली, द्रव्य पुरविले, त्यांची नावे शिलालेखांत आणि संस्थांच्या अहवालांत सापडतात. परंतु एखादी वास्तू पाडू नये, असे तिच्या मालकाला सांगण्याचा अधिकार समाजाला कोठून प्राप्त होतो, हा प्रश्न वरीलपैकी कोणाच्याही कक्षेत येत नाही. तो कायद्याचा प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर शोधण्यात ज्यांनी आयुष्य वेचले त्यांच्या श्रमाचा अवशेष म्हणजे मसुदे, निवेदने व पत्रव्यवहार एवढाच असतो. न्यूयॉर्कचे वकील अल्बर्ट स्प्रेग बार्ड हे या उपेक्षित वर्गातील एक ठळक उदाहरण होय. प्रस्तुत लेखात त्यांच्या सार्वजनिक कार्याचा परामर्श घ्यावयाचा असून, एका भावनेचे कायदेशीर अधिकारात रूपांतर होण्यास किती काळ लागतो आणि त्या अधिकाराला कोणत्या मर्यादा असतात, हे त्यावरून पाहावयाचे आहे.

१. कायद्याची तत्कालीन स्थिती

बार्ड यांचा जन्म १८६६ साली कनेक्टिकट राज्यातील नॉर्विच येथे झाला. अ‍ॅमहर्स्ट महाविद्यालयातून १८८८ साली ते पदवीधर झाले आणि १८९२ साली हार्वर्ड येथील विधिशिक्षण पूर्ण करून न्यूयॉर्क शहरात त्यांनी वकिली आरंभिली. मतदानातील गैरप्रकारांविरुद्ध चळवळ करणारी ऑनेस्ट बॅलट असोसिएशन, नगरशासनाच्या सुधारणेसाठी झटणारा सिटी क्लब, नगराच्या सौंदर्याची चिंता वाहणारी म्युनिसिपल आर्ट सोसायटी अशा संस्थांत त्यांनी दीर्घकाळ काम केले. स्वच्छ निवडणुका आणि सुंदर नगर या दोन गोष्टी आज आपणांस भिन्न वाटतील. त्या पिढीच्या सुधारकांना मात्र त्या एकाच नागरिकधर्माची दोन अंगे वाटत होत्या, ही गोष्ट बार्ड यांचे कार्य समजून घेताना ध्यानात ठेवली पाहिजे.

त्यांच्यापुढील अडचण नीट कळण्यासाठी अमेरिकेच्या राज्यघटनेतील एका तत्त्वाचा उल्लेख करणे अवश्य आहे. खाजगी मालमत्तेवर निर्बंध घालण्याचे दोन मार्ग तेथील शासनाला उपलब्ध असतात. पहिला मार्ग सार्वजनिक उपयोगासाठी मालमत्ता संपादन करण्याचा. यात मालकास योग्य भरपाई द्यावीच लागते. दुसरा मार्ग नियामक सत्तेचा. लोकांचे आरोग्य, सुरक्षितता, नीती व सर्वसाधारण कल्याण यांसाठी शासन भरपाई न देताही मालकाच्या वर्तनावर मर्यादा घालू शकते. ही सत्ता मूलतः राज्यांची असून नगरांकडे ती राज्याच्या विधिमंडळाने सोपविल्यावरच येते. आग लागू नये म्हणून लाकडी घरांवर बंदी घालता येते, रोग पसरू नये म्हणून गटारे बांधण्याची सक्ती करता येते. पण एखादी इमारत देखणी आहे किंवा तिच्याशी इतिहास निगडित आहे एवढ्याच कारणास्तव ती पाडण्यास मनाई करता येईल काय?

विसाव्या शतकाच्या आरंभी या प्रश्नाचे न्यायालयीन उत्तर नकारार्थी होते. १९०५ साली न्यू जर्सी राज्याच्या सर्वोच्च न्यायपीठाने जाहिरातफलकांविषयीच्या एका खटल्यात असा निर्णय दिला की, सौंदर्यविचार ही गरजेची नसून चैनीची बाब आहे आणि भरपाईशिवाय मालमत्तेवर निर्बंध घालण्यास केवळ गरजच समर्थन देऊ शकते. १९०९ साली बोस्टनमधील इमारतींच्या उंचीवरील मर्यादा संघराज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने वैध ठरविली खरी, परंतु तिचा मुख्य आधार अग्निभयाचा होता. थोडक्यात, सौंदर्याला न्यायालयात प्रवेश हवा असेल तर त्याने आरोग्याचे किंवा सुरक्षिततेचे वेषांतर करून यावे, अशी ही स्थिती होती. बार्ड यांना हे वेषांतर मान्य नव्हते.

२. फलकांपासून घटनापरिषदेपर्यंत

वास्तुरक्षणाकडे बार्ड वळले ते जाहिरातफलकांच्या वाटेने. न्यूयॉर्कच्या महापौरांनी शहरातील फलकांच्या बेसुमार वाढीची चौकशी करण्यासाठी नेमलेल्या आयोगाचे ते सदस्य होते. या आयोगाने १९१३ साली आपला अहवाल सादर केला. अहवालाबरोबर राज्यघटनेत करावयाच्या एका दुरुस्तीचा मसुदा जोडलेला होता. सौंदर्याची वृद्धी हे सार्वजनिक प्रयोजन मानावे, आणि लोककल्याण साधण्याचा अधिकार ज्या ज्या संस्थेला आहे तिला तो अधिकार सौंदर्यासाठीही वापरता यावा, असा त्याचा आशय होता. मसुदा अवघ्या एका वाक्याचा होता. परंतु बार्ड यांच्या पुढील त्रेचाळीस वर्षांच्या खटाटोपाचे बीज त्यात आहे.

१९१५ साली न्यूयॉर्क राज्याच्या घटनेचा फेरविचार करण्यासाठी परिषद भरली, तेव्हा ही कल्पना तिच्यापुढे मांडण्यात आली. ती फलद्रूप झाली नाही. १९३८ साली पुन्हा घटनापरिषद भरली आणि बार्ड पुन्हा उभे राहिले. या वेळी त्यांचा मसुदा अधिक व्यापक होता. केवळ सौंदर्यावर न थांबता निसर्गशोभा, ऐतिहासिक संबंध, नेटकेपणा आणि भौतिक सुव्यवस्था या सर्वांची गणना त्यांनी लोककल्याणात केली आणि हा ठेवा जनतेचा वारसा म्हणून जतन करावा, असे सुचविले. हाही प्रयत्न निष्फळ ठरला.

या दोन मसुद्यांची तुलना उद्बोधक आहे. १९१३ सालच्या वाक्यात इतिहासाचा शब्द नाही, १९३८ सालच्या मसुद्यात तो आहे. मधल्या पंचवीस वर्षांत अमेरिकेतील इतर नगरांनी पावले उचलली होती. चार्ल्स्टनने १९३१ साली जुन्या वस्तीसाठी खास नियम केले. लुईझियाना राज्याने १९३६ साली घटनादुरुस्ती करून न्यू ऑर्लिन्सच्या जुन्या फ्रेंच वस्तीच्या रक्षणाचा मार्ग खुला केला. खुद्द न्यूयॉर्क राज्यातही १९३२ साली एक महत्त्वाचा निकाल लागला होता. पकीप्सी गावाजवळ हडसन नदीवरील पुलाच्या वाटेवर उभारलेला जाहिरातफलक झाकण्यासाठी शासनाने जाळीचा आडपडदा उभारण्याचे योजिले असता राज्याच्या अपील न्यायालयाने ते कृत्य उचलून धरले. सौंदर्याला कायद्याच्या राज्यात सम्राज्ञीपद नसले तरी त्याला अगदी बहिष्कृतही मानता येणार नाही, असा त्या निकालाचा रोख होता. चैनीच्या वस्तूपासून येथवर सत्तावीस वर्षांत झालेली ही प्रगती होती.

३. कॅसल क्लिंटनचा लढा

इतका वेळ प्रश्न शब्दांचा होता. १९३९ साली तो दगडामातीचा झाला. उद्यानखात्याचे आयुक्त रॉबर्ट मोझेस यांनी मॅनहटनच्या दक्षिण टोकावरील बॅटरी उद्यानापासून ब्रुकलिनपर्यंत एक प्रचंड झुलता पूल बांधण्याची योजना जाहीर केली. नगराचे समुद्रमुख आणि तेथील जुने उद्यान या पुलाच्या चढणीखाली झाकोळून गेले असते. बार्ड, जॉर्ज मॅकएनेनी, चार्ल्स बर्लिंगहॅम, स्टॅन्ली आयझॅक्स अशा नागरिकांनी विरोध संघटित केला. तथापि नगराच्या कोणत्याही कायद्याने ही योजना थांबविता आली नाही. ती थांबली ती संघराज्याच्या युद्धखात्याने जुलै १९३९ मध्ये परवानगी नाकारल्यामुळे. कारण दिले गेले ते नौदलाच्या गोदीच्या सुरक्षिततेचे. पुढे पुलाऐवजी भुयारी मार्ग झाला व तो १९५० साली खुला करण्यात आला.

याच उद्यानात कॅसल क्लिंटन हा वर्तुळाकार दुर्ग आहे. १८०८ ते १८११ या काळात इंग्रजांच्या संभाव्य हल्ल्याविरुद्ध तो बांधला गेला. पुढे तो नगराकडे आला आणि कॅसल गार्डन या नावाने सभागृह व नाट्यगृह बनला. १८५५ ते १८९० या काळात तेथे परदेशांतून येणाऱ्यांची नोंदणी होत असे. ऐंशी लाखांहून अधिक माणसांनी अमेरिकेच्या भूमीवर पहिले पाऊल येथे टाकले. १८९६ सालापासून तेथे मत्स्यालय होते. मोझेस यांनी १९४१ साली ते बंद केले आणि भुयाराच्या कामासाठी दुर्ग पाडणे आवश्यक आहे अशी भूमिका घेतली.

पुढील नऊ वर्षे चाललेल्या या झगड्यात सभा, निवेदने, न्यायालयीन अर्ज, वॉशिंग्टनच्या वाऱ्या हे सर्व उपाय झाले, आणि बार्ड त्यात अखेरपर्यंत होते. १९४६ साली काँग्रेसने दुर्गाला राष्ट्रीय स्मारक म्हणून स्वीकारण्यास संमती दिली. तरीही नगराच्या अधिकाऱ्यांनी पाडकामाचा आग्रह सोडला नाही. मत्स्यालयाचे वरचे बांधकाम उतरविले गेले, मूळ तटबंदी मात्र टिकली. अखेरीस १९५० साली दुर्ग संघराज्याच्या स्वाधीन झाला आणि वाचला.

विजय मिळाला, परंतु या विजयाचे विश्लेषण केल्यास विधिज्ञाला समाधान वाटण्याजोगे त्यात फारसे नव्हते. हा दुर्ग खाजगी मालकीचा नव्हता, नगराचाच होता. सार्वजनिक जागेवरील कलाकृतींवर देखरेख करणारा एक कलाआयोगही न्यूयॉर्कमध्ये १८९८ सालापासून होता. असे असूनही प्रत्येक वेळी आधार शोधावा लागला तो नगराबाहेर. कधी युद्धखात्याच्या आक्षेपाचा, कधी काँग्रेसच्या कृपेचा. सार्वजनिक वास्तूची ही कथा, तर ज्या शेकडो जुन्या घरांचे मालक खाजगी होते त्यांची गत काय होणार? बार्ड यांच्या पुढील प्रयत्नांची दिशा या प्रश्नाने निश्चित केली असे म्हणावयास हरकत नाही.

४. पाडकामाच्या निकालातून रक्षणाचा कायदा

नोव्हेंबर १९५४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बर्मन विरुद्ध पार्कर या खटल्याचा निकाल दिला. खटला वॉशिंग्टन शहरातील गलिच्छ वस्ती निर्मूलनाचा होता. नैऋत्य भागातील एक संपूर्ण वस्ती संपादन करून पाडण्याची योजना होती. तेथील एका दुकानाच्या मालकपक्षाची तक्रार अशी की, आमची इमारत सुस्थितीत असताना केवळ परिसराला सुंदर रूप देण्यासाठी ती घेणे घटनाबाह्य आहे. न्यायालयाने ही तक्रार एकमताने फेटाळली. न्यायमूर्ती डग्लस यांनी लोककल्याणाची व्याप्ती विशद करताना त्यात भौतिक मूल्यांबरोबर आत्मिक मूल्ये आणि आर्थिक मूल्यांबरोबर सौंदर्यमूल्येही येतात असे प्रतिपादन केले. समाज जसा निरोगी असावा तसा तो सुंदरही असावा, हे ठरविण्यास विधिमंडळ समर्थ आहे, असा त्यांचा निर्वाळा होता.

बार्ड तेव्हा अठ्ठ्याऐंशीव्या वर्षात होते. १९१३ साली त्यांनी घटनेत घालू पाहिलेले तत्त्व आता देशातील श्रेष्ठ न्यायालयाने घटनेच्या विद्यमान शब्दांतूनच काढून दाखविले होते. घटनादुरुस्तीची गरज उरली नव्हती. साधा अधिकारदायी कायदा पुरेसा होता. मॅनहटनमधील परिस्थितीही निकडीची होती. वॉशिंग्टन चौकाभोवतालची जुनी घरे नुकतीच पडली होती आणि ग्रँड सेंट्रल स्थानकाच्या जागी गगनचुंबी इमारत उभारण्याच्या योजना १९५४ साली प्रसिद्ध झाल्या होत्या. बार्ड यांनी मसुदा तयार केला, मॅनहटनचे सिनेटर मॅकनील मिचेल यांनी तो राज्याच्या विधिमंडळात मांडला आणि १९५६ साली गव्हर्नर हॅरिमन यांच्या स्वाक्षरीने त्याला कायद्याचे रूप आले. लोकव्यवहारात तो ‘बार्ड कायदा’ म्हणूनच ओळखला जातो.

कायदा लहान आहे, पण त्यातील प्रत्येक पद तोलून घातलेले दिसते. विशेष ऐतिहासिक किंवा सौंदर्यविषयक महत्त्व असलेली स्थळे, इमारती, कलाकृती व अन्य वस्तू यांच्या रक्षणासाठी, संवर्धनासाठी व चिरस्थायित्वासाठी नगरांना नियम करता येतील, असे त्यात म्हटले आहे. सार्वजनिक दृष्टिपथात येणाऱ्या शेजारच्या खाजगी मालमत्तेच्या रूपावरही वाजवी नियंत्रण ठेवता येईल, ही तरतूद फलकविरोधी लढ्याची आठवण देणारी आहे. त्याचबरोबर असे नियम वाजवी व प्रयोजनाशी सुसंगत असले पाहिजेत, आणि त्यांमुळे मालमत्ता हिरावली जात असेल तर योग्य भरपाई दिली पाहिजे, अशी अटही आहे. ही भरपाई करांत सूट देऊनही करता येते. मालकाच्या हक्काची जाणीव ठेवून लिहिलेला हा मसुदा आहे. वकिलाने लिहिलेला मसुदा आणि भावनाप्रधान चळवळ्याने लिहिलेले निवेदन यांतील अंतर येथे स्पष्ट दिसते.

परंतु येथे इतिहासकाराने एका विसंगतीकडे दुर्लक्ष करता कामा नये. ज्या निकालाच्या आधारावर वास्तुरक्षणाचा कायदा उभा राहिला, तो निकाल स्वतः पाडकामाला मुभा देणारा होता. वॉशिंग्टनच्या त्या वस्तीतून हजारो लोक, त्यांतही बहुसंख्य कृष्णवर्णीय, विस्थापित झाले. नगराचे सौंदर्य ही शासनाच्या अधिकारातील बाब आहे, हे तत्त्व एकदा मान्य केले की ते राखण्याकडेही वापरता येते आणि मोडण्याकडेही. कोणते घर वारसा आणि कोणते घर गलिच्छ, हे ठरविणारा हात कोणाचा, यावर सारे अवलंबून राहते. बार्ड यांच्या मसुद्यातील वाजवीपणाची अट मालकाचे रक्षण करते. भाडेकरूच्या स्थानाविषयी मात्र तो मसुदा मौन बाळगतो. ही त्या काळच्या सुधारणावादी विचाराची मर्यादा होय.

५. कायद्याचा उत्तरकाल

बार्ड कायद्याने नगरांना अधिकार दिला, आज्ञा केली नाही. अधिकार वापरावयाचा की नाही, हे नगराच्या इच्छेवर राहिले, आणि न्यूयॉर्कने तो नऊ वर्षे वापरला नाही. १९५८ सालापासून ब्रुकलिन हाइट्समधील रहिवासी आपल्या वस्तीसाठी संरक्षण मागू लागले. १९६० साली कार्नेगी हॉल पडता पडता वाचला, तोही राज्याने खास कायदा करून नगराला तो विकत घेऊ दिला म्हणून. १९६१ साली महापौर वॅग्नर यांनी समिती नेमली व १९६२ साली एक तात्पुरता आयोग. या आयोगाचे काम मुख्यतः पाहणी करण्याचे व कायदा सुचविण्याचे होते. पाडकाम थांबविण्याची सत्ता त्याला नव्हती.

मार्च १९६३ मध्ये बार्ड निधन पावले. त्यांचे वय तेव्हा शहाण्णव होते. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये पेनसिल्व्हेनिया स्थानकाचे पाडकाम सुरू झाले. १९१० साली बांधून पूर्ण झालेली ही भव्य वास्तू वाचविण्यासाठी स्थापत्यविशारदांनी निदर्शने केली होती. परंतु नगराच्या नियोजन आयोगापुढे कायद्याने जो प्रश्न आला तो स्थानकाच्या अस्तित्वाचा नव्हताच, त्या जागी होणाऱ्या नव्या क्रीडागृहाच्या आसनसंख्येला परवानगी द्यावी की नाही एवढाच होता. बार्ड यांनी मिळवून दिलेला अधिकार सात वर्षे उपलब्ध असताना नगरापाशी विचारण्याजोगा योग्य प्रश्नदेखील नसावा, ही शोकांतिका म्हटली पाहिजे.

एप्रिल १९६५ मध्ये महापौरांनी स्मारकवास्तुरक्षणाच्या कायद्यावर स्वाक्षरी केली. पेन स्थानकाच्या विध्वंसाने लोकमत जागे झाले आणि त्यातून हा कायदा जन्मला, असे सामान्यतः सांगितले जाते. कालक्रम पाहिला असता हे विधान अपुरे ठरते. समिती व आयोग ही दोन्ही पाडकामापूर्वीच अस्तित्वात आलेली होती, आणि नगराला असा कायदा करण्याची सत्ता तर १९५६ साली मिळालेली होती. विध्वंसाने निकड निर्माण केली, पण कायद्याची वाट आधी बांधलेली नसती तर त्या निकडीचे पर्यवसान आणखी एका निषेधसभेतच झाले असते.

या वाटेची खरी कसोटी लागली ती ग्रँड सेंट्रल स्थानकाच्या खटल्यात. १९६७ साली हे स्थानक स्मारकवास्तू म्हणून घोषित झाले. मालक असलेल्या पेन सेंट्रल रेल्वे कंपनीला त्यावर पंचावन्न मजली मनोरा उभारावयाचा होता. परवानगी नाकारली गेल्यावर कंपनीने आपली मालमत्ता भरपाईविना हिरावली गेल्याचा दावा लावला. जून १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी नगराच्या बाजूने निर्णय दिला. स्थानकाचा पूर्वीप्रमाणे उपयोग चालू असून त्यापासून वाजवी प्राप्ती होऊ शकते, शिवाय न वापरलेला बांधकामाचा हक्क जवळपासच्या भूखंडांवर नेण्याची मुभा मालकाला आहे, हे मुद्दे न्यायालयाने विचारात घेतले. बार्ड यांच्या मसुद्यातील वाजवीपणाची कसोटी येथे पुन्हा मध्यवर्ती झाली. आज न्यूयॉर्कमध्ये सदतीस हजारांहून अधिक इमारती व स्थळे या कायद्याच्या छायेखाली आहेत.

६. समारोप

बार्ड यांच्या कार्याचे मूल्यमापन करताना यशापयशाचा नेहमीचा ताळेबंद उपयोगी पडत नाही. १९१५ व १९३८ या दोन्ही वेळी ते पराभूत झाले. १९३९ साली जय मिळाला तो परक्या कारणाने. १९५६ सालचा कायदा त्यांच्या हयातीत न्यूयॉर्क शहरात कागदावरच राहिला. एकही घर त्यांनी स्वतः विकत घेऊन वाचविले नाही, की एकाही वास्तूची दुरुस्ती केली नाही. परंतु प्रत्येक पराभवानंतर त्यांचा मसुदा थोडा अधिक अचूक होत गेला, आणि न्यायालयाने १९५४ साली दार उघडले तेव्हा आत शिरण्यास तयार असलेले शब्द त्यांच्यापाशी होते. संधी मिळाल्यावर मसुदा लिहावयास बसणारे पुष्कळ असतात. चाळीस वर्षे मसुदा हाती घेऊन संधीची वाट पाहणारा विरळा.

त्याबरोबर त्यांचे चरित्र एक इशाराही देते. कायदा हा वास्तूला आधार देतो, पण तो आधार आपण होऊन पुढे येत नाही. अधिकार मिळणे ही पहिली पायरी, तो वापरण्याची नागरिकांची इच्छा ही दुसरी, आणि तो न्यायाने वापरण्याचा विवेक ही तिसरी. पहिली पायरी बार्ड यांनी बांधून दिली. दुसरी चढण्यास त्यांच्या नगराला नऊ वर्षे लागली आणि त्या अवधीत एक भव्य वास्तू धुळीस मिळाली. तिसरीवर आपण कितपत उभे आहोत, हे मात्र ज्या ज्या नगराला आपला भूतकाळ राखावयाचा आहे त्याने प्रत्येक नव्या प्रसंगी पुन्हा तपासून पाहिले पाहिजे.